शाळेच्या परसबागेत वालाचा मांडव

देशात १९९५ मध्ये शालेय मध्यान्ह भोजनाचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला. २०१९ मध्ये केंद्र शासनाने शालेय पोषण बागांविषयी मार्गदर्शक सूचना दिल्या आणि २०२१ पासून ही योजना ‘प्रधानमंत्री पोषण शक्ती निर्माण’ या नावाने राबविली जात आहे. शाळेच्या आवारात पिकलेली ताजी भाजी मुलांच्या ताटात पडावी, हा परसबागेमागील हेतू होय. परंतु पावसाळ्यात उत्साहाने लावलेली बाग दिवाळीच्या सुट्टीत पाण्याअभावी वाळली, तर तो हेतू सफल होत नाही. म्हणून शाळेच्या वेळापत्रकाशी जुळणारे पीक निवडणे आणि सुट्टीतील देखभालीची तरतूद आधीच करणे अगत्याचे ठरते. या दृष्टीने मांडवावरील वाल हे सोयीचे पीक आहे.

पिकाचा स्वभाव

वालाचे बुटके, झुडपी वाण आधाराशिवाय वाढतात. शाळेची जागा थोडी असते, तेव्हा उंच जाणारे वेली वाण अधिक उपयोगी पडतात. या पारंपरिक वेलांना दिवस लहान होऊ लागल्यावर फुले येतात. जून-जुलैत पेरलेला वेल पावसाळाभर पानाफांद्यांनी वाढतो, ऑक्टोबरच्या सुमारास फुलू लागतो आणि थंडीत शेंगा देतो. पावसाळ्यात फूल दिसत नाही म्हणून वेल वांझ समजून उपटण्याची घाई करू नये. शाळा जूनमध्ये उघडते आणि थंडीत नियमित भरते. पेरणी व तोडणी ही दोन्ही कामे त्यामुळे मुलांच्या डोळ्यांदेखत होतात.

आधी आधार, मग बी

काकडी किंवा दोडक्याप्रमाणे वालाला तणावे नसतात. त्याचा शेंडा वाढताना हवेत गोल फिरत राहतो आणि आधार मिळताच त्याभोवती वळसे घेतो. वेलींच्या या दोन प्रकारांचा अभ्यास चार्ल्स डार्विनने १८६५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निबंधात मांडला आहे. शिक्षकांना हा धडा मुलांना प्रत्यक्ष दाखविता येईल. गुळगुळीत, जाड खांबावर वेल घसरतो. मनगटाहून बारीक, खरबरीत बांबू किंवा काठी त्याला मानवते.

सुमारे आठ फूट लांबीचे तीन बांबू दीड ते दोन फूट जमिनीत रोवून त्यांची वरची टोके सुतळीने एकत्र बांधावीत. असे तिकाटणे वाऱ्यात सहसा पडत नाही आणि शेंगा हाताच्या टप्प्यात राहतात. बी उगवल्यानंतर बांबू रोवल्यास कोवळ्या मुळांना इजा होते. यास्तव आधार प्रथम उभारावा.

लागवड व निगा

प्रत्येक बांबूच्या बुंध्याशी सुमारे एक फूट लांब, रुंद व खोल खड्डा घेऊन त्यात माती व घमेलेभर कुजलेले शेणखत भरावे. चांगला पाऊस झाल्यावर दोन-तीन बिया सुमारे एक इंच खोल टोकाव्यात व उगवणीनंतर जोमदार रोप ठेवावे. खड्ड्यात पाणी साचू देऊ नये. वेल टोकाला पोहोचल्यावर शेंडा खुडला असता बगलफांद्या फुटतात.

शेंड्यांवर मावा दिसल्यास प्रथम ढालकिडे आहेत का ते पाहावे, कारण ते मावा खातात. प्रादुर्भाव वाढल्यास अर्धा किलो कुटलेली निंबोळी पाण्यात रात्रभर भिजवून, गाळून, एकूण दहा लिटर द्रावण करून फवारावे. मुलांच्या अन्नात जाणाऱ्या या भाजीवर विषारी औषधे वापरू नयेत.

आहारातील स्थान

कोवळ्या शेंगांची भाजी होते, तर सुक्या वालात १०० ग्रॅममागे सुमारे २० ते २५ ग्रॅम प्रथिने असतात. सुके वाल कच्चे खाणे अपायकारक आहे. ते भिजवून, शक्यतो मोड आणून व सोलून पूर्ण शिजवावेत. घरोघरी बिरड्यासाठी पाळली जाणारी ही रीत शास्त्राच्या कसोटीवरही योग्य आहे.

पंचायतीची जबाबदारी

पाऊस ओसरल्यावर जमिनीचा मगदूर पाहून चार-सहा दिवसांनी पाणी द्यावे लागते. नेमक्या याच काळात दिवाळीची सुट्टी येते आणि वेल फुलावर असतो. तेव्हाचा ताण हंगामभराचे उत्पन्न घटवितो. ग्रामपंचायतीने व शाळा व्यवस्थापन समितीने सुट्टीपूर्वीच पाण्याच्या पाळ्या ठरवून, शाळेजवळच्या कुटुंबांची नावे फलकावर लावावीत. एरवी हात धुण्याचे साबणविरहित पाणी आळ्यात सोडता येईल.

हंगामाअखेर निरोगी वेलावरील काही भरदार शेंगा पूर्ण वाळू द्याव्यात आणि बी राखेत मिसळून कोरड्या मडक्यात ठेवावे. वेल काढताना तो जमिनीलगत कापावा. मुळांवरील गाठींतील जिवाणू हवेतील नत्र स्थिर करतात, म्हणून मुळे मातीतच कुजू देणे हितावह असते. एका वर्षी नीट सांभाळलेला मांडव याप्रमाणे पुढील वर्षाचे बी पुरवितो आणि त्या जागेतील मातीचा कसही राखतो.