पाटणचा काळ मोजणारा मठ

वाळवंटात एक मठ, आत काळाचं गूढ उकलणारे साधू आणि बाहेरच्या जगाला त्याचा पत्ताच नाही, अशा गोष्टी आपल्या हॉस्टेलवर रात्री दोन-दोन वाजेपर्यंत चवीने पाहिल्या जातात. पण असा एक खराखुरा मठ आपल्या महाराष्ट्रात होता, हे किती जणांना ठाऊक आहे? मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. तिथे गॅलिलिओचा लंबक पाठ झाला, पण हा मठ काही भेटला नाही. म्हणून हा लेखप्रपंच!

जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण नावाचं गाव आहे. भास्कराचार्यांचा (जन्म १११४) नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी होता. आजोबांचे ‘सिद्धान्तशिरोमणी’सारखे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने पाटणला मठ काढला. १२०७ साली श्रावणी पौर्णिमेला, चंद्रग्रहणाच्या वेळी, निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्याला दान दिलं. हे सगळं शिलालेखात कोरलेलं आहे. डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ साली तो अभ्यासकांसमोर आणला.

या मठाच्या अभ्यासाचा विषय म्हणजे काळ. ग्रहण कधी लागणार, तिथी कधी संपणार, सूर्योदयाला किती अवकाश आहे, याचं हे गणित. दिवसा उन्हात शंकू (म्हणजे सरळ काठी) उभा करून सावली मोजता येते. पण आमच्या जव्हार-मोखाड्याच्या पावसाळ्यात शंकू घेऊन करायचं काय? ढग घरात शिरतात, सूर्य दिवसेंदिवस दिसत नाही! अशा वेळी आणि रात्री उपयोगी पडतं ते घटिकापात्र. तांब्याच्या वाटीला तळाशी बारीक भोक, वाटी पाण्यावर तरंगत ठेवायची. ती २४ मिनिटांत बुडते, ती एक घटका. अशा ६० घटकांचा एक दिवस. ‘घटकाभर टेक’, ‘घटका भरली’ हे आपण आजही म्हणतो, ते याच वाटीमुळे.

आता फ्लुइड मेकॅनिक्सवाल्यांनी लक्ष द्या. भोक पाडलेल्या टाकीतून पाणी बाहेर पडतं तेव्हा हेड कमी होत जातो आणि प्रवाह मंदावतो. घटिकापात्रात पाणी आत येतं. सरळ भिंतीचा पातळ डबा घेतला, तर बाहेरची आणि आतली पातळी यांतला फरक फक्त डब्याच्या वजनावर ठरतो, आणि वजन तर बदलत नाही. म्हणजे हेड कायम, प्रवाहही कायम! अर्धगोल वाटीत हा फरक थोडा बदलतो, पण ती स्थिर तरंगते.

करून बघा. १२ सेंमी व्यास, ८ सेंमी उंचीचा डबा घ्या. तळाला आतून वजन चिकटवून एकूण २५० ग्रॅम करा, नाहीतर तो कलंडतो. हेड आला साधारण २.२ सेंमी. बुडेपर्यंत आत सुमारे ६५५ मिली पाणी शिरतं. डिस्चार्जचा गुणांक ०.६ धरला तर २४ मिनिटांसाठी भोक लागेल अंदाजे १.२ मिमीचं. मेसचा डबा मात्र विचारून घ्या!

आता दुसरी बाजू. याच भास्कराचार्यांनी पोकळ आऱ्यांत अर्धा पारा भरलेलं, आपोआप फिरत राहणारं चाकही वर्णन केलं आहे. ते फिरणार नाही. ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम कोणालाच सूट देत नाही. ‘आपल्या पूर्वजांना सगळं माहीत होतं’ असं म्हणणारे आणि ‘काहीच नव्हतं’ म्हणणारे, दोघेही न तपासताच बोलतात. घटिकापात्र चालतं, चाक चालत नाही, हे डबा आणि स्टॉपवॉच घेऊन बसलं की कळतं.

मला सगळ्यात जास्त भावला तो शिलालेखातला जुन्या मराठीतला भाग. मठ चालणार कसा, ते त्यात लिहिलंय. बाजारात गिऱ्हाइकाकडून राजाला मिळणारा कर मठाला. गिऱ्हाइकाकडून पाच सुपाऱ्या. जितके तेलाचे घाणे चालतील, तितक्या घाण्यांमागे एकेक पळी तेल. आणि मोजायचं ते मठाच्याच मापाने! मापणावळीतला अर्धा वाटा मठाचा. म्हणजे ग्रहणाचं गणित शिकणारा विद्यार्थी तेल्याच्या पळीवर जगत होता, आणि काळ मोजणाऱ्यांकडेच गावाचं मापही होतं.

आपली फी, हॉस्टेलची खोली, माझ्या तालुक्यातल्या आश्रमशाळेतल्या पोरांचं जेवण, हेसुद्धा कोणाच्या तरी पळीपळीतूनच येतं ना? पळी घालणारा गणित तपासायला येत नाही. ते तपासणं आपल्यावर सोपवून तो घाण्याला जुंपलेला असतो. म्हणून प्रॅक्टिकलची रीडिंग्ज शेजारच्या जर्नलमधून उतरवताना त्याची आठवण ठेवलेली बरी.