जनुकाच्या शोधात सोळा वर्षे : डॉ. मेरी-क्लेअर किंग यांचे जीवन व कार्य

काही घराण्यांत स्तनाचा कर्करोग आजीला, आईला आणि पुढे मुलीलाही होतो, हे निरीक्षण जुने आहे. फ्रेंच शल्यविशारद पॉल ब्रोका यांनी १८६६ सालीच अशा एका घराण्याची वंशावळ प्रसिद्ध केली होती. मात्र निरीक्षणापासून कारणापर्यंत पोहोचण्यास शतकाहून अधिक काळ लागला. हे अंतर निर्णायकपणे कमी करणाऱ्या अमेरिकन शास्त्रज्ञ डॉ. मेरी-क्लेअर किंग यांचा परिचय आम्ही येथे करून देत आहोत.

घडण

मेरी-क्लेअर किंग यांचा जन्म २७ फेब्रुवारी १९४६ रोजी शिकागो शहराजवळ झाला. वडील घालीत त्या गणिती कोड्यांतून त्यांना गणिताची गोडी लागली. किशोरवयात त्यांची जिवलग मैत्रीण कर्करोगाने दगावली आणि या रोगाचे दुःख त्यांनी जवळून अनुभवले. कार्लटन महाविद्यालयातून गणिताची पदवी घेऊन त्या संख्याशास्त्र शिकण्यासाठी बर्कले येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात दाखल झाल्या. तेथे आनुवंशिकीच्या एका अभ्यासक्रमाने त्यांची वाट बदलली.

आरंभी प्रयोगशाळेत त्यांना यश येईना. एकामागून एक प्रयोग फसत गेले आणि संशोधन सोडून द्यावे, असे त्यांना वाटू लागले. त्या वेळी प्रा. ॲलन विल्सन यांनी त्यांना धीर दिला व आपल्या प्रयोगशाळेत घेतले. याच काळातील कामातून १९७५ साली दोघांचा सुप्रसिद्ध निबंध निघाला. मानव व चिंपांझी यांच्या जनुकीय घटकांत सुमारे ९९ टक्के साम्य आहे, हे त्यात दाखविले होते.

प्रवाहाविरुद्धचे संशोधन

१९७४ साली किंग स्तनाच्या कर्करोगाच्या अभ्यासाकडे वळल्या. त्या काळी विषाणूंमुळे कर्करोग होतो, या कल्पनेचा मोठा बोलबाला होता. एवढ्या गुंतागुंतीच्या रोगामागे काही कुटुंबांत एकच जनुक असू शकेल, हे बहुतेक तज्ज्ञांना पटत नव्हते. एकाच घरात अनेक रुग्ण आढळणे हा समान आहार-विहाराचा किंवा निव्वळ योगायोगाचा भाग असू शकतो, हा आक्षेप वाजवीच होता. त्याला उत्तर देण्यासाठी किंग यांनी गणिताचा आधार घेतला. १,५७९ कुटुंबांच्या माहितीचे विश्लेषण १९८८ साली प्रसिद्ध झाले. मोजक्याच कुटुंबांत, परंतु तेथे स्पष्टपणे, हा रोग एका जनुकाच्या वारशाप्रमाणे पुढे जातो, असा त्याचा निष्कर्ष होता.

आता ते जनुक नेमके कोठे आहे, हे शोधायचे होते. गुणसूत्रांवरील ओळखता येणाऱ्या खुणा घ्यायच्या आणि त्यांपैकी कोणती खूण रोगाबरोबरच पिढ्यान् पिढ्या चालत येते ते तपासायचे, अशी ही पद्धत होती. त्यांनी निवडलेल्या २३ कुटुंबांत मिळून १४६ रुग्ण होते. सर्व कुटुंबे एकत्र घेतली असता चित्र धूसर राही. परंतु रोग कोणत्या वयात झाला त्या क्रमाने कुटुंबे मांडल्यावर उलगडा झाला. तरुण वयात रोग झालेल्या घराण्यांत १७ व्या गुणसूत्राच्या एका ठराविक भागाशी संबंध ठळकपणे दिसून आला. १९९० साली हा निष्कर्ष जाहीर झाला. गाव आणि गल्ली कळली होती, घर सापडायचे होते. ते १९९४ साली युटा येथील मार्क स्कोल्निक यांच्या गटाला सापडले. हेच ‘बीआरसीए-१’ जनुक.

जनुक काय करते?

हे जनुक मुळात रोगाचे नव्हे, ही बाब आम्हांस विशेष महत्त्वाची वाटते. ते आपणां सर्वांच्या पेशींत असते आणि तुटलेला डीएनए सांधण्यास मदत करते. त्याच्या दोन प्रती असतात, एक आईकडून आलेली व एक वडिलांकडून. जन्मतःच एक प्रत सदोष असली आणि पुढे एखाद्या पेशीत दुसरीही निकामी झाली, तर दुरुस्तीचे काम बिघडते व कर्करोगाचा धोका वाढतो. सदोष प्रत वडिलांकडूनही येऊ शकते. म्हणून केवळ माहेरच्या बायकांकडे बोट दाखविणे शास्त्राला धरून नाही. शिवाय स्तनाच्या कर्करोगाच्या १०० रुग्णांपैकी साधारण ५ ते १० जणींतच आनुवंशिक दोष हे मुख्य कारण असते.

प्रयोगशाळेबाहेर

अर्जेंटिनातील लष्करी राजवटीत (१९७६ ते १९८३) हजारो लोक बेपत्ता झाले. त्यांची तान्ही मुले परक्यांच्या घरी दिली गेली. त्यांच्या आज्या नातवंडांचा शोध घेत होत्या. आई-वडील हयात नसताना नाते सिद्ध कसे करायचे, हा प्रश्न होता. १९८४ पासून किंग यांनी या कामाला साहाय्य केले. डीएनएचा एक छोटा भाग केवळ आईकडूनच अपत्यांना मिळतो. त्यामुळे तो आईच्या आईशी ताडून नाते ओळखता येते. आजवर १३० हून अधिक नातवंडांची खरी ओळख पटली आहे.

पुढे एका कंपनीने ‘बीआरसीए’ जनुकांवर पेटंट मिळविले. निसर्गतः असलेल्या डीएनएवर पेटंट घेता येणार नाही, असा निकाल अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १३ जून २०१३ रोजी दिला आणि इतर प्रयोगशाळांनाही या चाचण्यांची वाट मोकळी झाली. १९९५ पासून सिएटल येथील वॉशिंग्टन विद्यापीठात कार्यरत असलेल्या किंग यांना २०१४ साली लास्कर पुरस्कार लाभला.

आपल्यासाठी बोध

आपल्या समाजात घरातील कर्करोग पुष्कळदा लपविला जातो. मुलीचे लग्न जमणार नाही, लोक नावे ठेवतील, ही त्यामागची भीती असते. या लपवाछपवीत पुढच्या पिढीला वेळीच सावध होण्याची संधी गमवावी लागते. किंग यांचे संशोधन उभे राहिले ते ज्या कुटुंबांनी आपल्या आजारपणाची हकिकत मोकळेपणाने सांगितली त्यांच्या आधारावर. आई किंवा वडील, कोणत्याही बाजूच्या जवळच्या नातलगांत तरुण वयात स्तनाचा अथवा बीजकोशाचा कर्करोग झाला असेल, तर ती माहिती वयासह नोंदवून ठेवावी व डॉक्टरांना सांगावी. चाचणीची गरज आहे की नाही, हे समुपदेशनानंतर ठरविता येते. माजी विद्यार्थ्यांनी व पालकांनी ही चर्चा आपापल्या घरी सुरू करावी, अशी आमची विनंती आहे. गणिताची किंवा जीवशास्त्राची आवड असलेल्या मुलामुलींनाही या क्षेत्रात करण्यासारखे पुष्कळ काम शिल्लक आहे.