दुखणं अंगावर काढू नका

मी कॅनडातल्या मिसिसागात वाढले. पहाटे पाचच्या सरावाला आई रिंकवर सोडायची आणि कोटावर शाल गुंडाळून बाकावर बसून राहायची. स्पर्धांत मी फार पुढे गेले नाही, म्हणून एकोणिसाव्या वर्षी एका फिरत्या आइस शोमध्ये लागले. फिगर स्केटर सोन्या हेनी १९२८, १९३२ आणि १९३६ची ऑलिंपिक सुवर्णपदकं जिंकून शोकडे वळली होती. पदक नसलेल्या आम्हालाही शो पोटापाण्याला लावतो, याचं ऋण मी आजही मानते.

पण काम अंग पिळून काढणारं. शनिवारी तीन खेळ, रविवारी दोन, की ट्रक भरून पुढचं शहर. ६१ मीटर लांबीच्या रिंकचा मोठा तुकडा नेपथ्यातच जातो. उडीला वेग हवा आणि वेग घ्यायला जागा नसते. बर्फ गुळगुळीत करणारी झांबोनी फिरते फक्त मध्यंतरात, त्यामुळे पूर्वार्धाच्या शेवटी बर्फावर चर पडलेले असतात. त्यात पोशाखांच्या गळलेल्या टिकल्या चिकटलेल्या. ब्लेड टिकलीवर गेलं की जागीच अडतं आणि माणूस तोंडावर आपटतो.

माझं मात्र तसं अचानक काही झालं नाही. मी डावीकडे गिरकी घेते, म्हणजे जवळजवळ प्रत्येक उडी उतरते ती उजव्या पायावर. दुसऱ्या हंगामात ते पाऊल ठणकू लागलं. फिजिओची खोली चार पावलांवर होती. गेले नाही. राखीव मुलगी माझी भूमिका पाठ करून विंगेत उभी असायची, आणि मला तिची भीती वाटायची. टेप गुंडाळून, गोळ्या घेऊन सात आठवडे रेटले. बूट काढून बोटानं चाचपलं की रुपयाएवढ्या एकाच जागी डोळ्यांत पाणी यायचं. असं एकाच ठिकाणी दुखणं हे हाडाला चीर गेल्याचं लक्षण असू शकतं, हे मला कुणी सांगितलं नव्हतं. मी विचारलंही नव्हतं. आईला फोनवर ‘सगळं छान’ म्हणत राहिले. आठव्या आठवड्यात, भर खेळात, उडी उतरताना हाड मोडलं.

त्यापुढचं जास्त लागलं. आधीच्या दुखण्याची कुठेच नोंद नव्हती, म्हणून भरपाईचा दावा महिनोन्महिने अडला. करारही पुढे वाढला नाही.

म्हणून सांगते, दुखलं की त्याच दिवशी लेखी कळवा आणि त्या कागदाचा फोटो स्वतःजवळ ठेवा. एक्स-रेवर विसंबू नका. अशी बारीक चीर सुरुवातीला त्यात बरेचदा दिसत नाही, एमआरआयबद्दल विचारा. सहीआधी करारातलं दुखापतीचं कलम वाचा: परदेशात डॉक्टरचा खर्च कोण देणार, विश्रांतीच्या काळात पगार मिळणार का.

आज रात्री खेळ आहे आणि पाऊल ठणकतंय, अशी कुणी हे वाचत असेल, तर बाई गं, बूट चढवण्याआधी फिजिओचं दार वाजव.