अनारकली : एका हरवलेल्या मूकपटाचा धडा

इ. स. १९२८ या एकाच वर्षात भारतात मोगल काळातील प्रेमकथांवर दोन उल्लेखनीय मूकपट तयार झाले. ताजमहालाच्या निर्मितीभोवती गुंफलेला ‘शिराज’ हा त्यांपैकी एक. शाहजादा सलीम व अनारकली यांची कथा सांगणारा ‘द लव्ह्‌ज ऑफ अ मुघल प्रिन्स’ हा दुसरा. दोन्हींचे मूळ नाटकात होते. सीतादेवी या त्या काळच्या नामवंत अभिनेत्रीने दोन्हींत भूमिका केल्या. ‘शिराज’मध्ये शाहजहान झालेले चारू रॉय हे दुसऱ्या चित्रपटाच्या दोन दिग्दर्शकांपैकी एक होते. इतके साम्य असूनही ‘शिराज’ आजही पडद्यावर पाहता येतो. ‘अनारकली’च्या या मूकपटाची मात्र एकही प्रत उपलब्ध नाही. असे का घडले, हे समजून घेणे उद्बोधक ठरेल.

नाटकाकडून पडद्याकडे

इम्तियाज अली ताज यांनी १९२२ साली ‘अनारकली’ हे उर्दू नाटक लिहिले. नादिरा या दासीला बादशहा अकबर ‘अनारकली’ हा किताब देतो. सलीम तिच्यावर अनुरक्त होतो. मत्सराने पेटलेली दिलाराम ही दुसरी दासी जश्नाच्या रात्री असा डाव रचते की, दोघांच्या नेत्रपल्लवीचे प्रतिबिंब आरशातून बादशहाला दिसावे. परिणामी अनारकलीला भिंतीत जिवंत चिणण्याची शिक्षा होते. या कथेला समकालीन तवारिखांचा आधार नाही. तरीही लोकमानसात तिने इतिहासाचे स्थान मिळविले. नाटकाचा प्राण संवाद. मूकपटात तो अक्षरपाट्यांवर आणि नटांच्या मुद्राभिनयावर सोपवावा लागे.

ग्रेट ईस्टर्न फिल्म कॉर्पोरेशनने हे नाटक पडद्यावर आणले. चारू रॉय व प्रफुल्ल रॉय यांनी दिग्दर्शन केले आणि स्वतः ताज यांनीही त्यात अभिनय केला. तथापि, हे काम चालू असतानाच मुंबईत अर्देशिर इराणी यांच्या इंपीरियल फिल्म कंपनीने सुलोचना ऊर्फ रूबी मायर्स यांना घेऊन ‘अनारकली’ झपाट्याने पूर्ण केला व आधी प्रदर्शित केला. प्रेक्षकांनी तो उचलून धरला. नाटककाराचा सहभाग असलेला चित्रपट मागे पडला.

नाशाची कारणे

त्या काळच्या फिती सेल्युलोज नायट्रेटच्या असत. हा पदार्थ अत्यंत ज्वालाग्राही असून त्याच्या ज्वलनातच प्राणवायू निर्माण होत असल्याने एकदा लागलेली आग विझविणे दुष्कर होते. उष्ण व दमट हवेत फीत प्रथम फिकट होते, मग चिकट होते आणि शेवटी तिची भुकटी होते. १४ मार्च १९३१ रोजी इराणी यांचाच ‘आलम आरा’ हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला. पुढील काही वर्षांतच मूकपटांचे बाजारमूल्य संपले. अनेक फिती त्यांतील चांदी काढण्यासाठी नष्ट करण्यात आल्या. भारतात तेराशेहून अधिक मूकपट निघाले; त्यांपैकी पूर्ण वा अंशतः शिल्लक राहिलेले सुमारे तीसच आहेत. ‘आलम आरा’ही त्या काळाच्या उदरात गडप झाला.

‘शिराज’ वाचला तो योगायोगाने नव्हे. त्याची निर्मिती परदेशी सहकार्याने झाली होती व त्याची प्रत ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या संग्रहात जतन झाली. त्याच संस्थेने २०१७ साली त्याचे पुनरुज्जीवन केले. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले, तेव्हा बोलपट सुरू होऊन तेहतीस वर्षे लोटली होती. तरीही पी. के. नायर यांनी दादासाहेब फाळके यांच्या कुटुंबीयांशी संपर्क साधून त्यांच्या चित्रपटांची रिळे मिळविली. हे संग्रहालय २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले.

गावपातळीवरील कर्तव्य

फिरत्या तंबूंतून चित्रपट महाराष्ट्राच्या गावोगाव पोहोचले. त्यांची जाहिरातपत्रके, छायाचित्रे, तिकिटे आणि करमणूक कराच्या नोंदी जुन्या पेट्यांतून व दप्तरांतून आजही सापडू शकतात. दप्तर निकाली काढण्यापूर्वी अशा कागदांची यादी करून ते संग्रहालयास कळविणे पंचायतींना सहज शक्य आहे. शिक्षकांनी विद्यार्थ्यांकरवी वृद्धांच्या आठवणी लिहून घ्याव्यात. जुने रीळ आढळल्यास ते ज्योतीपासून व उन्हापासून दूर ठेवावे, प्रक्षेपकावर चढवू नये आणि तज्ज्ञांचा सल्ला घ्यावा.

लाहोर येथे अनारकलीची म्हणून ओळखली जाणारी कबर आहे. १८९१ पासून त्या वास्तूत पंजाबचे दप्तरखाने आहे. जिच्या अस्तित्वाविषयीच शंका आहे, तिच्या नावाच्या वास्तूत शासकीय कागद सव्वाशेहून अधिक वर्षे सुरक्षित राहिले. पण जी पडद्यावर खरोखर वावरली, ती अनारकली मात्र शंभर वर्षेही टिकली नाही. कागद असो वा फीत, जपणूक करणारी व्यवस्था असेल तरच ती टिकते, हा या हरवलेल्या मूकपटाचा धडा होय.