धानाच्या जिल्ह्यात उन्हाळी माठ

बांधीत पाणी उभे दिसले की आपल्याकडच्या शेतकऱ्याला बरे वाटते. माठाची रोपे मात्र त्याच पाण्यात कुजतात. सांदवाडीतली लाल भाजी बसली की बियाण्याला बोल लावण्याआधी पाणी कसे दिले ते आठवावे.

लाखोरी निघाली, ऊन चढू लागले की फेब्रुवारीअखेर ते मार्च पेरणी करावी. पालक या उन्हात लवकर फुलावर येतो, माठ जोमाने वाढतो. उन्हाळ्यासाठी ‘पुसा कीर्ती’ आणि पावसाळ्यासाठी ‘पुसा किरण’ हे वाण आहेत. सिहार जमीन उत्तम. कन्हार असेल तर कुजलेले शेणखत घालून वाफा वीतभर उंच करावा.

बी मोहरीपेक्षा बारीक. दहा बाय दहा फुटांच्या वाफ्याला चहाचा अर्धा चमचा पुरे, तेही चाळलेल्या वाळूत मिसळून, बोटाने ओढलेल्या रेघांत. वर मातीचा नुसता हात फिरवावा. पाणी झारीनेच द्यावे. पाट सोडला तर बी वाहून एका कोपऱ्यात गोळा होते आणि तिथेच झुपका उगवतो. पंधराव्या दिवशी विरळणी करावी. उपटलेली कोवळी रोपे त्याच संध्याकाळी कढईत जातात, आणि खरी चव त्यांचीच. महिनाभरात बाकी भाजी काढणीला येते.

माठ राजगिऱ्याच्या कुळातला. धुऱ्यावरचा आघाडा, कुरडू, अंगणातला कोंबडा हे त्याचे भाऊबंद. वनस्पतिशास्त्रज्ञ आता पालक, बीट आणि चाकवतही याच कुळात धरतात. शेतकऱ्याने यातून एवढेच घ्यावे की पालकाच्या वाफ्यात लगेच माठ नको. पाने जाळ्यात गुंडाळणारी अळी पालक, बीट, माठ तिन्हींवर येते. मध्ये भेंडी किंवा चवळी घ्यावी. अळी दिसताच गुंडाळलेली पाने तोडून नष्ट करावीत, गरज पडल्यास पाच टक्के निंबोळी अर्क फवारावा.

पानाखाली पांढरे फोड आले तर तो पांढरा तांबेरा. दाटी कमी करावी आणि पाणी सकाळीच द्यावे. भाजी हिरवीगार दिसावी म्हणून युरियाचा मारा करू नये, पानांत नायट्रेट साठते. मुतखड्याचा त्रास असलेल्यांनी ही भाजी खाण्याआधी डॉक्टरांना विचारावे.

घरचे बी धरायचे तर चार-पाच जोमदार झाडे राखावीत. काटेमाठ मात्र फुलण्याआधी उपटावा. त्याचे काळे, चकचकीत बी माठाच्या बियांत मिसळले की निवडता येत नाही.