शंखातला पाहुणा, मेरेवरची कुर्ली आणि मुलांची बोटे

पेडणे तालुक्याला समुद्राचे आणि डिचोली तालुक्याला शेतमळ्यांचे, ओहोळांचे देणे लाभले आहे. त्यामुळे येथील मुलांचे बालपण खेकड्यांच्या संगतीत जाते, असे म्हटल्यास अतिशयोक्ती ठरू नये. मे महिन्याच्या सुट्टीत केरी, हरमल, मांद्रे, मोरजीच्या किनाऱ्यावर शंख वेचणारी मुले आणि पहिल्या पावसानंतर बत्ती घेऊन मेरेवर कुर्ल्या धरणारी मुले ही आपल्या परिचयाचीच आहेत. खेकड्याने चिमटा घेतला म्हणून मूल दवाखान्यात येते, तेव्हा बहुतेक वेळा प्रकरण किरकोळ असते. परंतु काही वेळा ते तसे नसते. हा फरक पालकांना आणि आपणा डॉक्टरांना वेळीच ओळखता यावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

शंखात राहणारा खेकडा

वाळूवर पडलेला शंख अचानक चालू लागतो, तेव्हा आत हर्मिट क्रॅब नावाचा खेकडा असतो. हा कुर्लीचा दूरचा नातेवाईक. कुर्लीचे सारे अंग कठीण कवचाने झाकलेले असते, तर याच्या पोटाचा भाग मऊ व वळलेला असतो. त्या भागाच्या संरक्षणासाठी तो मेलेल्या गोगलगायीचा रिकामा शंख वापरतो आणि शरीर वाढले की मोठा शंख शोधतो. मागचे छोटे पाय शंखाला आतून घट्ट धरून ठेवतात. म्हणूनच त्याला ओढून बाहेर काढण्याचा प्रयत्न केल्यास तो शंख सोडण्याऐवजी आपले अंग तुटू देतो. मुलांना ही एकच गोष्ट नीट समजावली, तर पुष्कळ अपघात टळतात आणि पुष्कळ खेकडेही वाचतात.

याच कुळात नारळखेकडा येतो. लहानपणी तो शंखात राहतो आणि मोठेपणी शंख सोडतो. भारतात तो अंदमान-निकोबार भागात आढळतो व वन्यजीव संरक्षण कायद्यान्वये संरक्षित आहे. जपानी शास्त्रज्ञांनी 2016 साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात त्याच्या नांगीची पकड 1,765 न्यूटनपर्यंत मोजली गेली, म्हणजे सुमारे 180 किलो वजनाचा दाब. आपल्या किनाऱ्यावरील बोटभर खेकड्याचा चिमटा या मानाने नगण्य आहे. त्यात विषही नसते. तथापि लहान मुलाच्या बोटाची कातडी नाजूक असते आणि घाबरलेले मूल हात झटकते. इजा वाढते ती बहुधा या झटक्यानेच.

तो चिमटा का घेतो?

चिमटा घेण्यामागे राग नसतो. पहिले कारण भीती. दुसरे कारण पडण्याचा धोका: हात डळमळला की तो आधारासाठी मिळेल ते पकडतो आणि सैल कातडी त्याच्या नांगीत सहज सापडते. तिसरे कारण बोटांना येणारा खाण्याचा वास. ही कारणे लक्षात घेतली की हाताळण्याचे नियम आपोआप सुचतात.

1. शंख मागच्या बाजूने, अंगठा व तर्जनी यांत धरावा. शंखाच्या तोंडाजवळ बोट नेऊ नये.
2. तळहातावर ठेवायचाच असेल तर हात सपाट व ताणलेला ठेवावा, म्हणजे चिमटीत कातडी येत नाही.
3. मुलाने खाली बसून, हात वाळूच्या जवळ ठेवूनच खेकडा पाहावा. उभ्याने धरल्यास पडून शंख व खेकडा दोन्ही दुखावतात.
4. पाच वर्षांखालील मुलाच्या हाती तो एकट्याने देऊ नये. तोंडाजवळ, डोळ्यांजवळ कधीच नेऊ नये.
5. आधी व नंतर हात धुवावेत. नंतरचे धुणे साबणाने व्हावे.

आणखी एक सूचना शंखांविषयी. शंकूच्या आकाराच्या, सुंदर नक्षीच्या काही सागरी गोगलगायी जिवंत असताना विषारी दंश करतात. त्यांतील काही जातींचा दंश माणसाला प्राणघातक ठरला आहे आणि त्यावर प्रतिविष उपलब्ध नाही. म्हणून जड वाटणारा, आत कोणी असावे असा संशय येणारा शंख खिशात टाकू नये.

चिमटा बसलाच तर

मोठ्या माणसाने प्रथम मुलाला शांत करावे. हात झटकू नये, खेकडा ओढू नये. हात वाळूला टेकवावा किंवा समुद्राच्या पाण्यात बुडवावा. पायांखाली जमीन वा पाणी लागले की खेकडा बहुधा स्वतःच पकड सोडून पळ काढतो.

कुर्लीची गोष्ट वेगळी. खाडीतली, खाजन जमिनीतली मोठी कुर्ली बोट चेचू शकते, म्हणूनच बाजारात तिचे डेंगे बांधून ठेवतात. घरी आणल्यावर ते मुलांसमोर गंमत म्हणून सोडू नयेत. कुर्ली बर्फात थंड करून तिची हालचाल थांबल्यावरच दोरी कापावी. डेंगा तुटून बोटाला तसाच चिकटून राहिला, तर ओढण्याऐवजी त्याच्या हलणाऱ्या बोटाखाली चमच्याचा दांडा घालून हळूच उघडावा.

जखम वाहत्या स्वच्छ पाण्याखाली साबणाने दहा-पंधरा मिनिटे धुवावी. रक्त येत असल्यास स्वच्छ कापडाने दाबून धरावे. बोटात अंगठी असल्यास सूज येण्यापूर्वी काढावी. हळद, चुना, कॉफीची पूड, तंबाखू यांपैकी काहीही जखमेत भरू नये. यांनी जखम झाकली जाते, स्वच्छ होत नाही.

धनुर्वात आणि गंजका खिळा

धनुर्वात फक्त गंजलेल्या लोखंडाने होतो, हा समज अजूनही घट्ट आहे. धनुर्वाताचे जंतू मातीत असतात. शेतातल्या कुर्लीने केलेली खोल, चिखलाने माखलेली जखम त्यांना तितकीच सोयीची. राष्ट्रीय लसीकरणानुसार मुलाला 6, 10 व 14 आठवड्यांना, 16 ते 24 महिन्यांत, 5 ते 6 वर्षांत आणि पुढे 10 व 16 व्या वर्षी धनुर्वाताची लस मिळते. ती पूर्ण असेल तर प्रत्येक ओरखड्यासाठी इंजेक्शनची गरज नाही. दूषित जखमेत शेवटच्या मात्रेला पाच वर्षे उलटली असल्यास, आणि स्वच्छ, लहान जखमेत दहा वर्षे उलटली असल्यास मात्रा द्यावी. तीनपेक्षा कमी मात्रा झालेल्या मुलाला दूषित जखमेत लसीबरोबर इम्युनोग्लोब्युलिनही द्यावे लागते. लसीकरणाचे कार्ड सोबत आणावे, ही विनंती यासाठीच.

मेरेवरच्या बिळात काय आहे?

आता या लेखातील सर्वांत महत्त्वाचा मुद्दा. डिचोलीच्या आणि पेडण्याच्या आतल्या गावांत कुर्ली धरण्यासाठी मेरेच्या बिळात हात घातला जातो. ज्या बिळात कुर्ली राहते, त्यात सापही राहू शकतो. अंधारात, चिखलात, बोटाला काहीतरी लागते आणि मूल सहजपणे सांगते, ‘कुर्लीने धरले.’ घरचेही तसेच समजतात, मुलाला जेवू घालून झोपवतात. हा उशीर जिवावर बेतू शकतो.

म्हणून माझ्या सहकाऱ्यांना आग्रहाचे सांगणे असे: ज्याला चिमटा घेणारी कुर्ली कोणी डोळ्यांनी पाहिली नाही, असा बिळातला ‘चिमटा’ हा सर्पदंश नाही हे सिद्ध होईपर्यंत सर्पदंश समजावा. नागाच्या दंशानंतर सूज व वेदना दिसतात. मण्यारीच्या दंशाची खूण मात्र जवळजवळ दिसत नाही आणि दुखतही नाही. पापण्या जड होणे, दोन-दोन दिसणे, गिळताना त्रास, आवाज बदलणे, पोटदुखी यांची चौकशी करावी. घोणस व फुरसे यांच्या दंशात रक्त गोठण्याची क्रिया बिघडते. कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत दोन मिलिलिटर रक्त वीस मिनिटे न हलवता ठेवून पाहण्याची चाचणी कोणत्याही आरोग्य केंद्रात करता येते. ती एकदा ठीक आली म्हणून निर्धास्त होऊ नये. ठरावीक अंतराने पुन्हा करावी आणि मुलाला चोवीस तास देखरेखीखाली ठेवावे. प्रतिविषाची मात्रा मुलांनाही मोठ्यांइतकीच असते, कारण सापाने सोडलेले विष मुलाच्या वजनाप्रमाणे कमी होत नाही.

पालकांनी दोर आवळू नये, जखम कापू नये, चोखू नये. हात फळीला बांधून स्थिर ठेवावा आणि 108 क्रमांकावर रुग्णवाहिका बोलावून थेट रुग्णालय गाठावे. मुलांना एकच नियम शिकवावा: बिळात हात घालायचा नाही.

नंतरच्या दिवसांत काय पाहावे?

चिमट्यानंतर बोट पूर्ण वाकते व सरळ होते का, टोकाला संवेदना आहे का, नखाखाली रक्त साकळले आहे का, हे तपासावे. बोट चेचले असल्यास क्ष-किरण तपासणी करावी. खोल टोचलेली जखम घट्ट टाके घालून बंद करू नये. सांध्याजवळची जखम, सबंध बोटाची सूज आणि ते सरळ करताना असह्य वेदना, वर चढणारी लाल रेघ, ताप ही रुग्णालयात पाठविण्याची लक्षणे होत. खाऱ्या पाण्यातील व्हिब्रिओ आणि गोड्या पाण्यातील एरोमोनास या जंतूंचा संसर्ग काही तासांत पसरू शकतो. काळसर फोड दिसल्यास क्षणाचाही विलंब नको. यकृताचा विकार, मधुमेह, स्टिरॉइडचे उपचार आणि वारंवार रक्त घेतल्याने शरीरात लोह साठलेली थॅलेसिमियाची मुले यांना धोका अधिक. याउलट काही आठवड्यांनी त्याच जागी न भरणारी गाठ उठली, तर मायकोबॅक्टेरियम मरीनम या क्षयजंतूच्या भाईबंदाची आठवण ठेवावी.

पावसाळ्यात शेतातल्या जखमेनंतर पाच ते चौदा दिवसांत ताप, पोटऱ्यांत वेदना व डोळ्यांत लाली आली, तर लेप्टोस्पायरोसिसचा विचार केल्यावाचून राहू नये. अशा वेळी ‘पंधरा दिवसांपूर्वी शेतात गेला होतास का?’ हा प्रश्न पुष्कळ तपासण्यांपेक्षा अधिक उपयोगी पडतो.

घरी पाळावा काय?

परदेशांत जमिनीवर राहणारे हर्मिट क्रॅब घरोघरी पाळले जातात. त्यांना दमट हवा, खारे व गोडे असे दोन्ही पाणी, कात टाकण्यासाठी खोल ओली वाळू आणि बदलण्यासाठी रिकामे शंख लागतात. चांगल्या निगेत ते तीस वर्षांहून अधिक जगल्याची उदाहरणे आहेत. दुर्लक्षात काही महिन्यांत मरतात. आपल्या भरतीरेषेवर सापडणारे खेकडे तर समुद्राच्या पाण्यावर जगणारे. नळाचे पाणी भरलेल्या बरणीत त्यांचा मृत्यू ठरलेलाच.

शिवाय प्रत्येक रिकामा शंख म्हणजे कोणाचे तरी उद्याचे घर असते. 2024 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात जगातील सोळा भूचर जातींपैकी दहा जातींचे खेकडे बाटल्यांची झाकणे व इतर कचरा शंखाऐवजी पाठीवर वागवताना आढळले. किनाऱ्यावरून शंख घरी नेणे आणि झाकणे तेथे टाकून येणे, या दोन्ही सवयी मुले आपल्याकडूनच शिकतात.

म्हणून मुलांना खेकड्यांपासून दूर ठेवा, असे मी म्हणणार नाही. वाळूवर बसून त्यांनी तो जरूर पाहावा, तळहातावर चालू द्यावा, त्याचे पाय मोजावेत आणि जेथून उचलला तेथेच सोडावा. कुतूहल जपावे, हात धुवावेत, लसीचे कार्ड पूर्ण ठेवावे आणि बिळात हात घालू नये. एवढे पथ्य सांभाळले, तर आपल्या मुलांची बोटे आणि किनाऱ्यावरचे ते छोटे बिऱ्हाडकरू दोन्ही सुखरूप राहतील.