बत्तीस पुतळ्यांचा प्रश्न

(रविवारच्या शाळेचा वरचा वर्ग व मंडळीतील अभ्यासवर्ग यांच्यासाठी पाठ)

शास्त्रभाग : १ राजे ३:५-२८, १०:१८-२०, १२:१-१९, मार्क १०:३५-४५

उद्देश : अधिकाराची जागा माणसाला चांगले करीत नाही, ती त्याची परीक्षा घेते, हे मुलांच्या ध्यानी आणून देणे.

प्रस्तावना

शिक्षक बंधुभगिनींनो, माळव्यात विक्रम संवत चालतो व महाराष्ट्रात शालिवाहन शक. धार-देवासकडे पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी घरांना दोन्हींची ओळख असते. असे दोन हिशेब का, याची एक कथा जुनी माणसे सांगत. पाठाची सुरुवात तिच्यापासून करावी.

उज्जैनीचा राजा विक्रम पैठणवर चालून गेला. तेथे कुंभाराच्या घरी वाढलेला शालिवाहन नावाचा मुलगा मातीचे हत्ती, घोडे व शिपाई करून खेळत असे. शत्रू वेशीशी आला तेव्हा ते मातीचे सैन्य जिवंत झाले आणि विक्रमाचा मोड झाला. कोणी म्हणतात, तह होऊन नर्मदेच्या दक्षिणेस शक व उत्तरेस संवत असे ठरले. सिंहासन बत्तिशीत मात्र या लढाईत विक्रम मारला जातो.

हा इतिहास नव्हे, हे मुलांना स्पष्ट सांगावे. संवताचा आरंभ इ. स. पूर्व ५७ मधला व शकाचा इ. स. ७८ मधला. मध्ये सुमारे १३५ वर्षे गेली. ज्यांच्या नावाने हे दोन काल मोजले जातात, ते राजे एकाच रणांगणावर समोरासमोर कसे येतील? पण इतिहास नाही म्हणून कथा हसून सोडू नये. तिचा खरा गाभा पुढेच आहे.

सिंहासनाची कथा

विक्रमाजवळ इंद्राने दिलेले एक सिंहासन होते. त्याला बत्तीस पुतळ्या होत्या. विक्रमामागे त्यावर बसण्याजोगा कोणी उरला नाही, म्हणून ते जमिनीत पुरून टाकले. पुष्कळ काळ लोटला. त्या जागी शेत झाले व एका उंचवट्यावर शेतकऱ्याने राखणीसाठी माळा बांधला. माळ्यावर चढला की तो वाटसरूंना हाक मारी, “या, हवी तेवढी कणसे खा!” खाली उतरला की त्यांनाच चोर म्हणून शिव्या देई. माणूस तोच, शेत तेच.

ही बातमी धारच्या भोजराजाच्या कानी गेली. तो स्वतः माळ्यावर चढला, तेव्हा त्यालाही सर्वस्व देऊन टाकावेसे वाटले. त्याने जागा खणविली, सिंहासन निघाले. मुहूर्त पाहून तो बसायला गेला, तोच पहिली पुतळी बोलली. तिने विक्रमाच्या औदार्याची एक गोष्ट सांगितली व विचारले, “राजा, तुझ्या अंगी एवढे आहे काय? असेल तर बैस.” भोज मागे सरला. पुन्हा आला तेव्हा दुसरी बोलली, मग तिसरी. असे बत्तीस वेळा झाले.

भोज हा खराखुरा राजा. अकराव्या शतकाच्या पूर्वार्धात त्याने धार येथे राज्य केले व विद्येचा आश्रयदाता म्हणून त्याची कीर्ती झाली. कथाकाराने बसायला निघालेला राजा म्हणून कोणा दुष्टाला नव्हे, तर अशा नामवंताला घेतले, हे लक्षात घ्यावे. प्रश्न चांगल्या माणसालाही चुकत नाही.

गादीची वाटणी

पुढे अठराव्या शतकात मराठे माळव्यात आले आणि धार व देवास येथे पवारांच्या गाद्या झाल्या. देवासला तुकोजी व जिवाजी हे दोघे भाऊ. त्यांच्या दोन शाखा म्हणजे थोरली पाती व धाकटी पाती. एकाच गावात दोन राजे, दोन राजवाडे, दोन कारभार. १९४८ मध्ये ही संस्थाने मध्य भारतात विलीन झाली आणि गाद्यांचा अधिकार संपला. गाव आहे, टेकडी आहे, माणसे आहेत.

शास्त्राचा प्रकाश

शलमोनाचेही एक सिंहासन होते. हस्तिदंताचे, सोन्याने मढविलेले, सहा पायऱ्यांचे. पायऱ्यांवर बारा सिंह. परंतु न्याय करण्याची बुद्धी त्याला सिंहासनाने दिली नाही. ती त्याने गिबोन येथे देवाजवळ मागितली होती. पुढे त्याचे मन वळले तेव्हा बारांतला एकही सिंह बोलला नाही.

त्याचा मुलगा रहबाम याला मात्र प्रश्न विचारणारे भेटले. जू हलके करशील काय, असे लोकांनी विचारले. आज तू यांचा सेवक हो, असा सल्ला वडील मंडळींनी दिला. त्याने ऐकले नाही आणि राज्याची दोन शकले झाली.

मार्काच्या शुभवर्तमानात याकोब व योहान उजवी-डावीकडची जागा मागतात. प्रभू त्यांना उलट प्रश्न करतो : मी पितो तो प्याला तुम्हांला पिता येईल काय? दोघे तत्काळ ‘होय’ म्हणतात! धारचा भोज निदान मागे सरला, विचार करीत राहिला. आणि इतर दहा जण रागावले ते कशासाठी? बहुधा त्यांनाही तीच जागा हवी होती.

आपल्यापुरते

माझ्या पाहण्यातील एका मंडळीत कमिटीच्या निवडणुकीनंतर दोन तट पडले. दोन्ही तटांनी एकाच कपाटाला आपापले कुलूप लावले. आत काय होते? हजेरीची वही, गीतांची पुस्तके आणि नाताळच्या नाटकाचे कपडे. त्या वर्षी मुलांचे नाटक झाले नाही. दोन्हीकडची माणसे भली होती, मीही त्यांतल्याच एका तटात होतो. आम्हांला थांबवून विचारणारी एक पुतळी असती तर! पण ती होती. वर्गातल्या एका मुलीने मला विचारले होते, “सर, कुलूप कोणाचे?” मी उत्तर दिले नाही.

खुर्ची मिळाली की आपण उदार होऊ, असे पुष्कळांना वाटते. माळ्यावरच्या शेतकऱ्यालाही तसेच वाटले असेल. खाली उतरल्यावर आपण कसे वागतो, त्यावरून आपली ओळख होते.

शिक्षकांसाठी सूचना

वर्गात एक खुर्ची मधोमध ठेवावी. बसू इच्छिणाऱ्या मुलाला इतरांनी एकेक प्रश्न विचारावा : “चूक झाली तर कबूल करशील काय?”, “न आवडणाऱ्या मुलाचेही ऐकशील काय?” कोणाला हसू देऊ नये. शेवटी शिक्षकाने स्वतः पुढे यावे व मुलांना विचारू द्यावे.

चर्चेसाठी प्रश्न

१. शेतकरी माळ्यावर एक व खाली दुसरा असा का वागला?
२. शलमोनाने मागितलेले व जब्दीच्या मुलांनी मागितलेले यांत फरक कोणता?
३. आपल्या घरात किंवा मंडळीत कोणते कुलूप आपण काढू शकतो?